एक्सप्रेस अर्नीचा वेग

अर्नेस्ट हॅसलब्रिंग सकाळी बुटांच्या नाड्या बांधायला बसला की त्याची बायको व्हेल्डा कॉफी ठेवी, अंडी तळी, मागच्या अंगणातल्या लिंबाला पाणी घाली आणि परत येऊन विचारी, "झाला का एक बूट?" बहुतेक वेळा झालेला नसे.

आणि हाच माणूस 'एक्सप्रेस अर्नी' या नावाने प्रसिद्ध होता. मूकपटांतला सर्वांत चपळ वेटर, सर्वांत चपळ न्हावी, लग्नाच्या वेदीवरून पळ काढणारा सर्वांत चपळ नवरदेव. 'प्रसिद्ध' हा शब्दही तसा सढळ हातानेच वापरला म्हणायचा. थिएटरात मुख्य चित्रपटाआधी, लोक अंधारात जागा शोधत आणि एकमेकांच्या पायांवर पाय देत असताना जी दोन रिळं दाखवत, त्यांत अर्नी असे. लोक बसेपर्यंत तो संपलेला असे. तरी जे वेळेवर येत ते हसत.

आयोवातल्या क्लेटन जिल्ह्यातून तो लॉस एंजेलिसला आला तो संत्री तोडायला. मुकादमाने त्याला आठवड्यातच घरी पाठवलं. "याचा हात पोहोचेपर्यंत संत्रं पिकून आपणहून खाली येतं," असं मुकादमाचं म्हणणं. मग बाकीच्या बेकारांसारखा तोही ईडनडेल या सिनेमावाल्यांच्या वस्तीत गेला आणि क्रॉट्स्की कॉमेडीज कंपनीच्या फाटकाशी उभा राहिला. त्या दिवशी कंपनीकडे वेटरचा एक कोट होता आणि तो अंगाला बसेल असा माणूस नव्हता. अर्नीला बसला. तो नट झाला.

काम सोपं होतं. सूपचं भांडं तबकात घेऊन हॉटेलच्या या टोकापासून त्या टोकाला धावत जायचं, वाटेत कुणाच्या तरी कुत्र्याला ओलांडायचं आणि सूप एका जाड्या गृहस्थाच्या मांडीवर ओतायचं. अर्नी धावला. म्हणजे तो ज्याला धावणं म्हणे ते त्याने केलं. कुत्रा एव्हाना झोपला होता.

कॅमेऱ्यामागे गस लिंडक्विस्ट नावाचा मिनेसोटाचा स्वीडिश माणूस होता. त्या काळी कॅमेऱ्याला बाजूला दांडी असे आणि ती हाताने फिरवावी लागे. सेकंदाला दोन फेरे हा साधारण रिवाज. दोनाऐवजी एकच फेरा दिला तर तेवढ्याच धावण्याची निम्मी चित्रं निघतात, आणि थिएटरात ती नेहमीच्या गतीने दाखवली की माणूस दुप्पट वेगाने पळतो. त्या दिवशी गसचं रीळ संपत आलं होतं. नवं रीळ उघडलं की मालक क्रॉट्स्की असा ओरडे, जणू त्याची किडनीच काढून नेली. म्हणून उरलेली फिल्म पुरवून पुरवून वापरावी, एवढ्या एका हेतूने गसने दांडी हळू, फार हळू फिरवली.

पडद्यावर सूप घेतलेला वेटर तोफेतून सुटल्यासारखा आला, कुत्र्यावरून उडाला आणि जाड्या गृहस्थाला काही कळायच्या आत त्याची मांडी भिजवून अंतर्धान पावला.

क्रॉट्स्कीच्या तोंडातला चिरूट कोटावर पडला. "अरे, हा माणूस आहे की फटाका? कुठून आणलात?"

मागच्या बाकावर बसून अर्नी आयुष्यात प्रथमच स्वतःला पाहत होता. घरी गेल्यावर व्हेल्डाला म्हणाला, "मला आतून नेहमी असं वाटायचंच."

"काय वाटायचं?"

"की मी चपळ आहे. बाहेरून कधी बघायला मिळालं नव्हतं, एवढंच."

व्हेल्डाला वाटलं तो गंमत करतोय. ती हसली. हे त्यांच्या संसारातलं शेवटचं निर्मळ हसू.

दांडी हळू फिरवणं हे काही गुपित नव्हतं. ईडनडेलमधल्या झाडूवालीलाही ते ठाऊक होतं. अर्नीलाही ठाऊक होतं. फक्त ते स्वतःला लागू आहे, असं त्याला कधी वाटलं नाही. "गस बाकीच्यांना पळवतो," तो सांगे. "मला तो नुसता टिपतो." जगातला प्रत्येक माणूस मर्त्य आहे हे मान्य करूनही स्वतःपुरतं ते आपण कुणीच मानत नाही, त्यातलाच हा प्रकार.

गंमत अशी की त्याच्याकडे एक गुण खरोखरच होता. बाकीचे नट मुळातच घाईघाईने हातपाय झाडत. गसने दांडी हळू केली की पडद्यावर त्यांचा नुसता फेस दिसे. अर्नी संथ होता, त्यामुळे त्याची प्रत्येक हालचाल धुऊन वाळत घातल्यासारखी स्वच्छ. खुर्ची मोडली की तो आधी खाली बघे, मग वर बघे, मग विचार करे, मग पडे. एवढं सगळं कुणी घाईत करूच शकत नाही. ईडनडेलमध्ये इतका संथ माणूस दुसरा नव्हता आणि त्या जोरावर तो सर्वांत चपळ ठरला होता. पण हे त्याला कुणी सांगायला गेलं, तर तो त्या माणसाशी बोलणं टाकी.

गसने एकदा सांगून पाहिलं. त्याला कारण झालं. एका सिनेमासिकात अर्नीची मुलाखत आली आणि तीत तो म्हणाला होता, 'माझ्याबरोबर राहताना कॅमेऱ्याला धाप लागते.' गसही कमी मानी नव्हता. अर्नी आपण घडवला असं तो दर शनिवारी बिअरच्या पेल्यावर हात ठेवून सांगत असे. दारूबंदी आल्यावर तोच हात कॉफीच्या पेल्यावर. त्याने मासिक घडी करून खिशात घातलं आणि दुसऱ्या दिवशी दांडी अगदी इमानाने फिरवली, सेकंदाला दोन फेरे, घड्याळासारखे.

संध्याकाळी पडद्यावर एक्सप्रेस अर्नी पोलिसांपासून पळत होता. तो काकवीतून चालल्यासारखा दिसत होता. मागचे पोलीस, आपण त्याला पकडू नये म्हणून, जागच्या जागी उड्या मारत होते.

"हे काय आहे?" क्रॉट्स्की ओरडला. "फिल्म भिजली का?"

"भिजली नाही साहेब," गस म्हणाला. "हे खरं आहे."

अर्नी शांतपणे उठला. "साहेब, ह्याचा माझ्यावर राग आहे. ह्यानं मुद्दाम दांडी जोरात फिरवली. आपण काय बोलणार, गरीब माणूस आहे."

क्रॉट्स्कीने गसला आख्ख्या कंपनीसमोर झापलं. गस अर्नीच्या जवळ येऊन हळूच म्हणाला, "अर्नी, एकदा घराबाहेर पळून बघ. नुसतं कोपऱ्यापर्यंत. कुणी नसताना."

"तुला आजकाल झोप लागत नाही का रे, गस?" अर्नीने प्रेमाने विचारलं.

पुढची काही वर्षं दोघेही एकमेकांवर उपकार करत असल्यासारखे जगले. मग बोलपट आले.

ईडनडेलपासून हॉलीवूडपर्यंत सगळ्या नटांना आपापल्या गळ्याची धास्ती पडली. कुणाचा आवाज नाकातून येई, कुणाला इंग्रजीच येत नसे. अर्नीने मात्र बॉस्टनच्या एका बाईंकडे उच्चाराची शिकवणी लावली आणि बाईंनी पहिल्याच दिवशी कबूल केलं की त्याला शिकवण्यासारखं काही नाही. आवाज भरदार, गोल, लुथरन पाद्र्याला शोभेल असा. "बिचारे," तो इतर नटांबद्दल म्हणे. "गळा देवाकडून आणावा लागतो."

गसने त्याला फाटकाशी गाठलं. "नवा कॅमेरा पाहिलास? कपाटात कोंडलाय. आवाज बाहेर जाऊ नये म्हणून. आणि मोटर आहे. ठरलेल्या गतीनं फिरते, सगळ्यांना सारखी. दांडी गेली, अर्नी."

अर्नीने त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "मग तुझं कठीण आहे रे, गस."

गसने काहीतरी स्वीडिशमध्ये म्हटलं. ते छापण्यासारखं असतं तर त्याने इंग्रजीत म्हटलं असतं.

क्रॉट्स्कीने जुन्या नटांतले मोजकेच ठेवायचं ठरवलं. प्रत्येकाची आवाजासकट चाचणी घ्यायची, तर यंत्र भाड्याने आणावं लागणार. आणि भाडं हा शब्द त्याला शिवीसारखा लागे. तेवढ्यात त्याला कळलं की फेब्रुवारीत आयोवाकरांची सहल आहे, आणि या वर्षी तिचं चित्रण करायला बातमीपटवाल्यांची आवाजाची गाडी येणार आहे.

ही सहल म्हणजे आयोवाच्या नकाशाची लिंकन पार्कमध्ये मांडलेली पंगत. आयोवात बर्फ पडायला लागल्यापासून निम्मं राज्य लॉस एंजेलिसला येऊन राहिलं होतं आणि वर्षातून एकदा ते एकत्र जमे. झाडाझाडावर जिल्ह्याच्या नावाची पाटी. आपापल्या पाटीखाली बसायचं, तळलेली कोंबडी आणि बटाट्याचं सॅलड खायचं, शेजारच्या जिल्ह्याच्या कॉफीला नावं ठेवायची आणि मक्याचा विषय निघाला की डोळे पुसायचे.

"तू आयोवाचा ना?" क्रॉट्स्की अर्नीला म्हणाला. "तिथं तुझं ते वेटरचं काम करून दाखव. तबक घे, धाव, मग माइकपुढे दोन वाक्यं बोल. गाडी सगळं घेईल, मी फुकटात बघीन. जमलं तर बोलपटाचा करार तुझा. नाही जमलं तर संत्र्यांची बाग आहेच."

अर्नीने माइकपुढची दोन वाक्यं दिवसभर आरशासमोर घोटली.

"आणि धावायचं काय?" व्हेल्डाने विचारलं.

"त्याचं काय? मासा पोहायचा सराव करतो का?"

व्हेल्डाने तव्यावरची नजर काढली नाही. "अर्नेस्ट, काल ट्राम धरायला तू निघालास, तेव्हा कंडक्टरनं खाली उतरून तुझी वाट पाहिली."

"ओळखलं असेल त्यानं मला."

सहलीच्या दिवशी पार्कात पाय ठेवायला जागा नव्हती. एक्सप्रेस अर्नी येणार म्हणून क्लेटनच्या पाटीखाली फुगे बांधले होते. "आमच्या हॅसलब्रिंगांचा धाकटा!" म्हणून जो तो शेजारच्या जिल्ह्याला ऐकवत होता. समितीने शर्यत साधी ठेवली होती. बँडच्या चौथऱ्याला एक फेरा, हातात तबक, तबकात काठोकाठ कॉफीचा पेला. पण एकट्याने धावण्यात मजा काय? म्हणून कर्णा घेतलेल्या अध्यक्षांनी कुणी आव्हान देणार का असं विचारलं, आणि शेजारच्या फेयेट जिल्ह्यातून मिसेस ऑर्फा ग्रिडली उठल्या. केस पांढरेशुभ्र, अंगावर सुट्टीचा झगा, त्यावर एप्रन. विधवा बाई. आयुष्य रेल्वे स्टेशनच्या उपाहारगृहात गेलेलं. गाडी पाणी घेण्यापुरती थांबायची आणि तेवढ्यात आख्ख्या डब्याला जेवू घालायचं, हा त्यांचा धंदा.

"काकू, जपून हं," अर्नी आपल्या भरदार आवाजात म्हणाला. "मी वळताना वारा फार सुटतो."

"सुटू दे, बाळा. उकडतंच आहे."

शिट्टी वाजली. गाडीच्या टपावर कॅमेऱ्याची मोटर घुरघुरू लागली. मिसेस ग्रिडली चौथऱ्याला वळसा घालून आल्या, पेला टेबलावर ठेवला, चमचा मांडला, रुमालाची घडी नीट केली आणि मागे वळून पाहिलं. अर्नी चौथऱ्याच्या पलीकडे होता. बँडमधला ट्रॉम्बोनवाला वाकून त्याच्याकडे बघत होता.

क्षणभर कुणालाच काही कळेना. मग क्लेटनच्या एका म्हाताऱ्याने मांडीवर थाप मारली आणि हास्याचा जो लोळ उठला तो सगळ्या पाट्यांवरून फिरून परत आला. जगातला सर्वांत चपळ माणूस मुद्दाम असा धावतोय! बघा तर, चेहरा कसा कसून घेतलाय! गुडघे कसे उचलतोय, जणू काही खरंच! बायका एकमेकींच्या गळ्यात पडून हसल्या. कुणाच्या तरी नाकातून लिंबू सरबत आलं.

क्रॉट्स्की डोळे पुसत धावत आला आणि त्याने अर्नीचे दोन्ही हात धरले. "पक्कं! करार पक्का! अरे, इतकी वर्षं हे कुठं लपवलं होतंस? बोलपटात सगळे भराभर बोलतायत, भराभर पळतायत, आणि मध्ये तू! घराला आग लागलीय, सगळे बाहेर, आणि तू आत टोपी शोधतोयस. गोगलगाय अर्नी!"

अर्नीला धाप लागली होती. ती ओसरेपर्यंत सगळे हसऱ्या चेहऱ्याने थांबले. त्यांना तोही विनोदच वाटला.

"साहेब," तो शेवटी म्हणाला, "जमीन ओली होती."

"वा! वाक्यसुद्धा तयार आहे!"

"मी गंमत केली नाही. मी घसरलो. मला परत धावू द्या."

व्हेल्डा त्याच्या कोटाची बाही ओढत होती. "अर्नेस्ट, हो म्हण. ऐक माझं. तू जसा आहेस तसाच पाहिजे म्हणणारा माणूस जन्मात दुसरा भेटायचा नाही. मी धरून."

गस गर्दीतून पुढे आला होता. मिनेसोटाच्या माणसाला आयोवाच्या सहलीत काय काम, हे त्याला कुणी विचारलं नाही. "पाया पडतो, अर्नी," तो म्हणाला. "आज तुला कुणी हळू दांडी फिरवून नाही दिली, तरी लोक हसले. हे तुझं तुझं आहे."

खरं तर या वाक्याला गसला आपला सगळा मानीपणा गिळावा लागला होता. पालथ्या घड्यावर पाणी. अर्नीला त्यात दांडीचा उल्लेख तेवढा ऐकू आला. त्याने अध्यक्षांच्या हातातला कर्णा घेतला आणि जाहीर केलं, "लोकहो, गैरसमज नको. मी पूर्ण जोर लावून धावलो होतो."

लोक गडाबडा लोळायचे बाकी राहिले.

दुसऱ्या वेळी तो आणखी जोरात धावला, म्हणजे आणखी लाल झाला. या खेपेला हसण्याला मधूनमधून भोकं पडली. पुढच्या रांगेतल्यांना त्याच्या मानेच्या शिरा दिसत होत्या, पेल्यातली कॉफी बाहीत चाललेली दिसत होती. मिसेस ग्रिडली टेबलाशी उभ्या राहून त्याच्याकडे बघत होत्या, आणि त्या हसत नव्हत्या. भुकेले प्रवासी त्यांनी पुष्कळ पाहिले होते.

"परत," अर्नी म्हणाला.

"बाळा, बस जरा."

"परत!"

तिसऱ्या वेळी मिसेस ग्रिडली अर्ध्या वाटेत थांबल्या. त्यांनी तबक चौथऱ्यावर टेकवलं आणि एप्रनची गाठ सोडून पुन्हा बांधली. मग तिची दोन्ही टोकं सारखी आहेत का ते पाहिलं. मग बँडवाल्याला त्याच्या आईची तब्येत विचारली. अर्नी त्यांच्याजवळून गेला. तो टेबलापाशी पोहोचला, रिकामा पेला ठेवला आणि दोन्ही हात वर केले.

"पाहिलंत?"

कुणी टाळी वाजवली नाही. जो तो आपापल्या ताटात बघू लागला. क्लेटनच्या पाटीखालून एक बाई घडीची खुर्ची घेऊन आली आणि तिने ती त्याच्यामागे उघडून ठेवली. आजारी माणसाला देतात तशी. फुगे सोडायला कुणीतरी सुरुवातही केली होती.

"हरत होता तेव्हा लाखातला होता," क्रॉट्स्की गसला म्हणाला. "जिंकला आणि वाया गेला. कुणाला कीव आली की तिकीट खपत नाही." मग तो फेयेटच्या पाटीखाली गेला, मिसेस ग्रिडलींच्या ताटातला ॲपल पायचा तुकडा न विचारता उचलला आणि तोंड भरलेलं असतानाच म्हणाला, "बाई, तुम्हाला घोड्यावर बसता येतं का?"

"गाढवावर बसलेय. लग्न झालं होतं माझं."

"हे वाक्य आणखी कुणाला सांगू नका," म्हणत क्रॉट्स्की त्यांच्या शेजारी मांडी घालून बसला.

व्हेल्डाने खुर्चीकडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं आणि टोपली आवरायला घेतली. अर्नी खुर्चीवर बसला नाही. कोट झटकून तो सावकाश, म्हणजे त्याच्या हिशेबाने लगबगीने, बातमीपटाच्या गाडीकडे गेला. तिथला यंत्रवाला तारा गुंडाळत होता.

"तिन्ही वेळा घेतलंत?" अर्नीने विचारलं.

"घेतलं. आता बांधाबांध."

अर्नीने मागे वळून पाहिलं. गस दूर होता, व्हेल्डा पाठमोरी. तरीही त्याने आवाज खाली आणला. "मी आणखी एकदा धावतो. एकटाच. तुम्ही फक्त तेवढ्यापुरती ती मोटर जरा हळू करा."

यंत्रवाल्याचे हात थांबले. "हळू होते, साहेब. पण आवाजसुद्धा त्याच फिल्मवर असतो. पळवाल तर सगळंच पळेल. हे तुमचे गाववाले, म्हातारे, बायका, सगळे उंदरासारखे चिरकतील. देशभर थिएटरांत."

अर्नीने क्लेटनच्या पाटीकडे पाहिलं. ती माणसं टेबलावरची चादर चारी कोपऱ्यांनी धरून झटकत होती. उरलेली कोंबडी कुणी खायची यावरून त्यांचं काहीतरी बोलणं चाललं होतं.

"चिरकू दे," तो म्हणाला आणि बुटाची नाडी बांधायला खाली बसला.